टँकर कुठे उभा होता? गुन्ह्याचे फुटेज आणि आपली साक्ष

सध्या ओटीटीवर गुन्हेगारी माहितीपटांची लाट आहे. खून, बलात्कार, बेपत्ता मुली, सिरियल किलर. सुरगाण्यासारख्या गुजरातच्या सीमेवरच्या आदिवासी तालुक्यातही ती पोचली आहे. जिथे नेटवर्कसाठी टेकडी चढावी लागते तिथली मुलेसुद्धा रात्री एका मोबाईलभोवती बसून असे तीन-तीन भाग सलग पाहतात. आम्ही या मुलांसोबत काम करतो. या मालिकांवर त्यांच्याशी बोलताना एक वाक्य हमखास ऐकू येते: "त्यात खरे फुटेज दाखवलेय, म्हणजे खरेच असणार."

या वाक्याचा समाचार घ्यावा म्हणून हा लेख.

जुने फुटेज, म्हणजे घटनेच्या वेळी किंवा लगेच नंतर कोणीतरी टिपलेले चित्रीकरण, हा अशा माहितीपटांचा कणा असतो. बातमीच्या क्लिपा, पोलिसांचे चित्रीकरण, सीसीटीव्ही, घरगुती व्हिडिओ. पडद्यावर जुनाट, हललेले, धूसर चित्र आले की आपला विश्वास बसतो. पण फुटेज आकाशातून पडत नाही. कोणीतरी कॅमेरा धरलेला असतो, तो एका बाजूला उभा असतो. नंतर कोणीतरी कात्री लावतो, क्रम ठरवतो, वर निवेदन चढवतो. ज्या समाजात कॅमेरा, वाहिनी, पोलीस ठाणे आणि न्यायालय यांच्यातल्या बहुतेक खुर्च्या एकाच वर्गाकडे आहेत, तिथे कात्रीलाही जात असते. महाराष्ट्रातल्या आंबेडकरी जनतेने याचा अनुभव स्वतःच्या रक्ताने घेतला आहे. तो इतिहास आजच्या पिढीला नीट माहीत असायला हवा.

११ जुलै १९९७

घाटकोपर पूर्वेला, पूर्व द्रुतगती महामार्गाला लागून माता रमाबाई आंबेडकर नगर आहे. ११ जुलै १९९७ च्या पहाटे तिथल्या बाबासाहेबांच्या पुतळ्याच्या गळ्यात चपलांचा हार घातलेला लोकांना दिसला. लोक जमले, संतापले, महामार्गावर उतरले. साडेसातच्या सुमारास राज्य राखीव पोलीस दलाची गाडी आली. उपनिरीक्षक मनोहर कदम यांच्या तुकडीने थोड्याच वेळात जिवंत काडतुसांनी गोळीबार सुरू केला. १० माणसे मेली. पुढे दिवसभरात वस्तीत लाठीमार आणि अश्रुधूरही झाला. जखमींची संख्या पंचविसावर गेली. मेलेल्यांत निदर्शनाशी काही संबंध नसलेलेही होते. राज्यात तेव्हा शिवसेना-भाजप युतीचे सरकार होते.

इथपर्यंतची घटना बहुतेकांना ठाऊक असते. आमचा मुद्दा त्यानंतरचा आहे.

दहा माणसे मारल्यावर कारण द्यावे लागते. पोलिसांनी कारण दिले ते टँकरचे. महामार्गावर गॅसचे टँकर उभे होते, जमाव ते पेटवणार होता, पेटले असते तर हाहाकार उडाला असता, म्हणून गोळ्या झाडणे भाग पडले, असा तो युक्तिवाद. आणि त्याच्या समर्थनाला व्हिडिओ दाखवला गेला. त्या दिवशीच्या चित्रीकरणाचे तुकडे दूरचित्रवाणीवरून घरोघरी पोचले. धूर, आग, धावणारी माणसे, रस्त्यावरचे टँकर. पाहणाऱ्या मध्यमवर्गाचे समाधान झाले. 'बघा, जाळपोळ तर चाललीच होती.'

आता साधे प्रश्न विचारा. ही आग किती वाजताची? महामार्गावर बस पेटली ती गोळीबारानंतर काही तासांनी, माणसे मारली गेल्यावर उसळलेल्या संतापात. टँकर कुठे उभा होता? जिथे माणसे पडली तिथून किती अंतरावर? गोळ्या कुठल्या दिशेला गेल्या? टँकर वाचवायचे होते तर वस्तीच्या तोंडाशी उभ्या असलेल्या माणसांना गोळ्या कशा लागल्या? नंतरचे दृश्य आधी दाखवले की परिणाम हाच कारण बनतो. गोळीबारामुळे पेटलेली आग गोळीबाराचे निमित्त म्हणून विकता येते. त्यासाठी फुटेज खोटे असण्याची गरज नाही. प्रत्येक चौकट खरी असू शकते. क्रम बदलला की पुरे.

'जय भीम कॉम्रेड' ने काय केले

आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' हा माहितीपट २०११ मध्ये आला. तो बनायला १४ वर्षे लागली. तीन तासांहून मोठा आहे. गाण्यांसाठी, जलशांसाठी, शाहिरांसाठी तो आपल्याकडे पाहिला जातो आणि ते योग्यच आहे. पण रमाबाई नगरच्या हत्याकांडाचा तपास म्हणूनही तो पाहायला हवा. आपल्या भाषेतला, आपल्या वस्तीतला तो सर्वांत महत्त्वाचा गुन्हेगारी माहितीपट आहे, असे आम्ही म्हणू.

तो नेमके काय करतो? ज्या दृश्यांच्या जोरावर वस्तीला दोषी ठरवले गेले, तीच दृश्ये पुन्हा समोर ठेवतो आणि क्रमाचा व अंतराचा प्रश्न विचारतो. सरकारी कहाणी मोडायला तो दुसरी भावनिक कहाणी रचत बसत नाही. ज्यांच्या घरातली माणसे गेली त्यांना बोलू देतो, जागा दाखवतो, वेळ जुळवतो. सरकारचा पुरावा सरकारवर उलटवतो. मग तो कॅमेरा वर्षानुवर्षे त्याच वस्तीत परत जातो. आयोग बसतो, अहवाल येतो, खटला रेंगाळतो, निवडणुका होतात, कालचे विरोधक व्यासपीठावर एकत्र दिसतात. हे सगळे चित्रित होते. ओटीटीवरच्या मालिकेत गुन्हा तीन भागांत संपतो. दलितांवरचा गुन्हा चौदा वर्षांत संपत नाही, हे या चित्रपटाची लांबीच सांगते.

निकालाचे काय झाले तेही लक्षात ठेवा. न्यायमूर्ती गुंडेवार आयोगाने १९९८ च्या अहवालात गोळीबार असमर्थनीय ठरवून मनोहर कदम यांच्यावर ठपका ठेवला. मे २००९ मध्ये, म्हणजे जवळपास १२ वर्षांनी, मुंबईच्या न्यायालयाने त्यांना सदोष मनुष्यवधासाठी जन्मठेप सुनावली. पुढे उच्च न्यायालयातून त्यांना जामीन मिळाला. पुतळ्याला हार कोणी घातला, या मूळ प्रश्नाचे वस्तीचे समाधान होईल असे उत्तर आजवर मिळालेले नाही.

या चित्रपटात जुन्या फुटेजचा आणखी एक उपयोग आहे. शाहीर विलास घोगरे यांनी गोळीबारानंतर चारच दिवसांनी, १५ जुलै १९९७ रोजी, मुलुंडच्या आपल्या घरी जीवन संपवले. पटवर्धनांच्या 'हमारा शहर' या १९८५ च्या माहितीपटात विलासदादा गायले होते. ते जुने चित्रीकरण इथे परत येते. ज्या माणसाची नोंद पोलिसांच्या कागदावर एक आत्महत्या म्हणून झाली असती, तो माणूस गाताना, डोळ्यांत डोळे घालून आपल्यासमोर उभा राहतो. कोणी १९८५ मध्ये ते रीळ जपून ठेवले नसते तर हे शक्य झाले नसते. मेलेल्याला पुन्हा माणूस करणे, हे जुन्या फुटेजचे सर्वांत मोठे काम आहे. बाजारू मालिका नेमके याच्या उलट करतात. त्यांना मारणारा रंजक वाटतो, मेलेला फक्त सांगाडा.

पुरावा डोळ्यांसमोर असून

"व्हिडिओ आहे ना, मग शिक्षा का होत नाही?" हा प्रश्न आम्हाला एका अभ्यासवर्गात बारावीच्या मुलीने विचारला. उत्तर शोधायला अमेरिकेत जावे लागेल, कारण तिथला अनुभव आपल्याला आरसा दाखवतो.

३ मार्च १९९१ रोजी लॉस एंजेलिसमध्ये पोलिसांनी रॉडनी किंग या कृष्णवर्णीय तरुणाला रस्त्यावर पाडून बेदम मारले. समोरच्या इमारतीतल्या जॉर्ज हॉलिडे नावाच्या रहिवाशाने आपल्या सज्जातून ते घरगुती कॅमेऱ्यात टिपले. जगाने पाहिले. याहून उघड पुरावा कुठला? पण खटल्यात बचावाच्या वकिलांनी तीच टेप घेतली, तिचा वेग कमी केला, एकेक चौकट थांबवून दाखवली. प्रत्येक फटक्याला वेगळे स्पष्टीकरण दिले. इथे तो हलला, इथे तो उठू पाहत होता, इथे पोलिसाला धोका वाटला. २९ एप्रिल १९९२ रोजी ज्युरीने चार पोलिसांना जवळपास सर्व आरोपांतून सोडले. शहर पेटले, ५० हून अधिक माणसे मेली. पुढच्या वर्षी दुसऱ्या, केंद्रीय खटल्यात दोघांना शिक्षा झाली. २०१७ मध्ये आलेला 'एलए ९२' हा माहितीपट निव्वळ त्या काळच्या फुटेजवर उभा आहे. त्यात निवेदक नाही, नव्या मुलाखती नाहीत.

घाटकोपरला क्रम बदलून जे साधले ते लॉस एंजेलिसला वेग बदलून साधले. धडा एकच. चित्र स्वतःहून साक्ष देत नाही, त्याच्या बाजूने कोणीतरी उभे राहून बोलावे लागते. ज्याचा आवाज न्यायालयात जड, त्याचा अर्थ चित्रावर चढतो. म्हणून आपल्याला चित्र हवे, आणि चित्र वाचू शकणारा वकील, पत्रकार, कार्यकर्ताही आपलाच हवा.

कॅमेरा येतो केव्हा?

नागपूरच्या कस्तुरबा नगरचे प्रकरण घ्या. ही मुख्यतः दलितांची वस्ती. अक्कू यादव नावाच्या गुंडाने तिथे दशकभराहून अधिक काळ दहशत माजवली. बलात्कार, खून, खंडणी. बायांनी तक्रारी केल्या तर पोलिसांनी त्यांनाच हिणवले. १३ ऑगस्ट २००४ रोजी नागपूरच्या जिल्हा न्यायालयात जमावाने त्याला ठार केले. जमावात वस्तीतल्या बाया होत्या. पुढे खटला चालला आणि २०१४ मध्ये आरोपींची पुराव्याअभावी मुक्तता झाली. २०२२ मध्ये नेटफ्लिक्सवर यावर 'इंडियन प्रिडेटर: मर्डर इन अ कोर्टरूम' ही तीन भागांची मालिका आली. उमेश कुलकर्णी यांचे दिग्दर्शन. मालिकेत वस्तीतल्या बाया बोलतात, जातीचा मुद्दाही येतो, हे मान्य करायला हवे.

पण त्यातले जुने फुटेज पाहताना एक गोष्ट ध्यानात घ्या. वाहिन्यांचे कॅमेरे वस्तीत धावले ते गुंड मेल्यावर. त्याआधीच्या दहा-बारा वर्षांचे काय? बायांनी सोसले त्या रात्रींचे, पोलीस ठाण्याच्या पायरीवरून परत पाठवले त्या दिवसांचे संग्रहात काय आहे? ती पोकळी माहितीपटाला नटनट्यांकडून दृश्ये करवून भरावी लागते. म्हणजे आपला प्रतिकार 'खऱ्या' फुटेजमध्ये आणि आपल्यावरचा अत्याचार 'नाट्यरूपांतरात'! पाहणाऱ्याच्या मनावर खरे कोणते ठसते? संग्रहाची पोकळी हासुद्धा जातीचा पुरावा आहे.

खैरलांजीची गोष्ट याहून जळजळीत. २९ सप्टेंबर २००६ रोजी भंडारा जिल्ह्यात मोहाडी तालुक्यातल्या या गावात भोतमांगे कुटुंबातले चौघे मारले गेले. सुरेखाताई, प्रियंका, रोशन, सुधीर. मोठ्या माध्यमांना जाग यायला कित्येक आठवडे लागले. तोवर कार्यकर्त्यांचे सत्यशोधन अहवाल आणि मृतदेहांची छायाचित्रे हातोहाती फिरत राहिली, आणि त्यातून राज्यभर उद्रेक झाला. त्या छायाचित्रांशिवाय प्रकरण दडपले गेले असते, हे खरे. पण आज त्याच छायाचित्रांचा स्टेटस ठेवणाऱ्या तरुणांना आम्ही थांबवतो. तेव्हा ते दाखवणे ही साक्ष होती. आता त्या माऊलीचे आणि लेकीचे विटंबित देह पुन्हा पुन्हा फिरवणे ही विटंबनाच आहे. खैरलांजी आठवायची तर निकाल आठवा. सत्र न्यायालयाने २००८ मध्ये आठ जणांना दोषी ठरवले, सहा जणांना फाशी दिली. उच्च न्यायालयाने २०१० मध्ये ती २५ वर्षांच्या कैदेत बदलली. आणि ॲट्रॉसिटी कायदा लागू झालाच नाही. जातीचा गुन्हा घडला, कागदावर मात्र जात नव्हती.

सुरगाण्याचे फुटेज

आता आमच्या तालुक्याकडे या. कोकणा, वारली, महादेव कोळी समाजाचा हा मुलूख. पावसाळ्यात इथे धो धो पाऊस, उन्हाळ्यात हंडाभर पाण्यासाठी टँकरची वाट. राज्याच्या वाहिन्यांकडे या भागाचे कोणते फुटेज आहे? दोनच प्रकारचे. एक, विहिरीच्या तळाशी उतरून वाटीने पाणी भरणाऱ्या बाया. दुसरे, मार्च २०१८ च्या शेतकरी लाँग मार्चमधले सोललेले, रक्ताळलेले तळपाय.

त्या मोर्चात सुरगाण्याची माणसे मोठ्या संख्येने होती. ६ मार्चला नाशिकहून निघून सुमारे १८० किलोमीटर चालत ती मुंबईला गेली. ठाण्याकडून शीवच्या सोमय्या मैदानाकडे जाताना ती पूर्व द्रुतगती महामार्गावरून चालली. तोच रस्ता, ज्याच्या कडेला रमाबाई नगर आहे. १९९७ मध्ये तिथे रस्त्यावर उतरलेला दलित 'जमाव' ठरला होता. २०१८ मध्ये रात्रीच चालून दहावीच्या मुलांची परीक्षा सांभाळणाऱ्या आदिवासींचे कौतुक झाले. चांगलेच झाले. पण पायांच्या फोडांवर स्थिरावलेला कॅमेरा वनहक्काच्या दाव्यांवर किती वेळ थांबला? दावे फेटाळणारा कागद, मोजणीला न येणारा कर्मचारी, वर्षानुवर्षे कसलेल्या जमिनीवरून हुसकावलेले कुटुंब, यांचे फुटेज कुठे आहे? फोडांची कीव येते, कागदाची चीड येते. वाहिनीला कीव परवडते.

म्हणून आम्ही मुलांना सांगतो, दया दाखवणारे फुटेज आणि जमाव दाखवणारे फुटेज ही एकाच कारखान्याची दोन उत्पादने आहेत. दोन्हींत आपण बोलत नाही.

ही आपली परंपरा आहे

स्वतःची नोंद स्वतः ठेवणे आंबेडकरी चळवळीला नवे नाही. ३१ जानेवारी १९२० रोजी बाबासाहेबांनी 'मूकनायक' काढला. पैसे देऊ केले तरी 'केसरी'ने त्याची जाहिरात छापली नव्हती. दुसऱ्याच्या छापखान्यातून आपली साक्ष निघणार नाही, हे बाबासाहेबांनी शंभर वर्षांपूर्वी ओळखले होते.

आणि डिसेंबर १९५६? बाबासाहेबांच्या महापरिनिर्वाण यात्रेची हलती चित्रे आज आपण दर ६ डिसेंबरला पाहतो. ती टिपली नामदेवराव व्हटकर यांनी, आपला छापखाना गहाण ठेवून. त्या दिवशी एका दलित माणसाने कर्ज काढून कॅमेरा लावला, म्हणून तो अथांग जनसागर इतिहासात दिसतो. मोबाईलच्या एका बोटावर रील बनवणाऱ्या आपण या माणसाचे नाव तरी घेतो का?

मग करायचे काय?

भाषण पुरे, आता कामाचे. अन्यायाचा व्हिडिओ हाती आला की आपले तरुण पहिल्या पाच मिनिटांत तो व्हॉट्सॲपवर टाकतात. व्हॉट्सॲपवर फाईल दाबली जाते, वेळ-तारखेची मूळ माहिती बहुधा निघून जाते. महिनाभराने फोन बिघडतो किंवा विकला जातो. दोन वर्षांनी खटला उभा राहतो तेव्हा हातात उरते ती शंभर वेळा फॉरवर्ड झालेली क्लिप. आरोपीच्या वकिलाचे काम अर्धे झालेले असते.

इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी प्रमाणपत्र लागते. पूर्वी पुरावा कायद्याचे कलम ६५ब होते. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियमाचे कलम ६३ आहे, आणि त्याच्या प्रमाणपत्रात फाईलचा हॅश, म्हणजे तिचा डिजिटल ठसा, द्यावा लागतो. यावरचा महत्त्वाचा निकाल आपल्या जालन्याचाच आहे. २०१४ च्या विधानसभा निवडणुकीत अर्ज वेळेत भरला की नाही, हे निवडणूक कार्यालयातल्या व्हिडिओवरून ठरायचे होते. अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल. १४ जुलै २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की प्रमाणपत्र आवश्यकच आहे. मात्र मूळ उपकरणच न्यायालयात हजर करून त्याच्या मालकाने साक्ष दिली तर त्याची गरज नाही. आणि यंत्रणा प्रमाणपत्र देतच नसेल, मागणाऱ्याने सर्व प्रयत्न केले असतील, तर त्याला दोष देता येणार नाही. एका निवडणुकीच्या वादाने आपल्याला दिलेले हे हत्यार आहे.

म्हणून: ज्या फोनवर टिपले तो फोन जपा. मूळ फाईल न कापता, गाणे न चढवता, दोन वेगळ्या ठिकाणी साठवा. कोणी, कुठून, किती वाजता टिपले ते त्याच दिवशी वहीत लिहून सही करा. फक्त मारहाण टिपू नका, आजूबाजूची जागा, फलक, झाड, घर टिपा. टँकर कुठे उभा होता हे उद्या सिद्ध करावे लागेल. पीडितेचा चेहरा आणि नाव फिरवू नका. लैंगिक अत्याचारात तो स्वतःच गुन्हा आहे.

आणि एक मागणी सतत लावून धरा. ॲट्रॉसिटी कायद्यात २०१५ च्या दुरुस्तीने कलम १५अ आले, ते २६ जानेवारी २०१६ पासून लागू आहे. त्याच्या दहाव्या पोटकलमानुसार या कायद्याखालच्या गुन्ह्यांच्या सर्व कार्यवाहीचे चित्रीकरण झाले पाहिजे. डॉ. पायल तडवी या आदिवासी डॉक्टरच्या मृत्यूच्या प्रकरणात २०१९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात जामिनाच्या सुनावणीचे चित्रीकरण झाले, ते याच तरतुदीमुळे. तालुक्या-जिल्ह्याच्या किती न्यायालयांत हे होते? खर्डा गावच्या नितीन आगे हत्या प्रकरणात साक्षीदार फुटले आणि नोव्हेंबर २०१७ मध्ये सगळे आरोपी सुटले. साक्षीदार का फुटतो, कोणाकडे पाहून फुटतो, हे टिपणारा कॅमेरा न्यायालयात असणे हा आपला कायदेशीर हक्क आहे. आपल्या भागातल्या प्रत्येक ॲट्रॉसिटी खटल्यात वकिलामार्फत तसा अर्ज द्या. नाकारला तर नकार लेखी घ्या.

उद्याचे माहितीपट आजच्या फुटेजवर बनणार आहेत. ते कोणाच्या कपाटातून बाहेर येईल? पोलिसांच्या, वाहिनीच्या, की आपल्या? सुरगाण्यात आम्ही एका जुन्या कपाटात हार्ड डिस्क आणि एक नोंदवही ठेवून सुरुवात केली आहे. प्रत्येक तालुक्यात, प्रत्येक बुद्धविहारात असे एक कपाट उभे राहायला हवे. रमाबाई नगरच्या दहा शहिदांना ११ जुलैला अभिवादन करताना हार-फुलांसोबत एवढे तरी करूया.

जय भीम!